यवनांचे राक्षस आणि सह्याद्रीचे खांब

पुष्कळ वर्षांपूर्वीं वरणगांवच्या शाळेंत मी इतिहास शिकवीत असतांना एकदां ग्रीस देशाचा धडा चालला होता. श्रावणांतली पावसाळी दुपार, मुलें पेंगुळलेलीं. म्हणून मीं पुस्तक मिटलें आणि हर्क्युलिसची गोष्ट सांगावयास घेतली. लेर्ना नांवाच्या दलदलींत हायड्रा नांवाचा अनेक तोंडांचा सर्प राहत असे. त्याचें एक मस्तक छाटावें, तों त्या जागीं दोन उगवावीं. अखेर हर्क्युलिसच्या पुतण्यानें प्रत्येक छाटलेली मान पेटत्या कोलितानें डागली आणि तो सर्प मेला. गोष्ट संपली, वर्ग खूष झाला. तेवढ्यांत मागच्या बाकावरील एका शेतकऱ्याचा मुलगा उभा राहिला व म्हणाला, “गुरुजी, मंग त्याचं देऊळ कुठी बांधलं?” वर्ग हसला, मीहि हसलों. “अरे, राक्षसाचें कां कोणी देऊळ बांधतें?” असें म्हणून मीं त्यास खालीं बसविलें.

सायंकाळीं घरीं परततांना एका शेताच्या बांधावर शेंदूर फासलेला म्हसोबा दिसला आणि मी थबकलों. देवीनें मारलेल्या महिषासुराशीं या म्हसोबाचें नातें अनेक अभ्यासकांनीं जोडलेलें आहे. तो मुलगा शाळेंत येतांना रोज याच म्हसोबास हात जोडून येत असला पाहिजे. त्याच्या प्रश्नांत हसण्यासारखें कांहीं नव्हतें. प्रश्न खरा इतिहासाचा होता आणि उत्तर चुकलें होतें तें माझें. आज आपल्यासमोर तें उत्तर दुरुस्त करण्याचा विचार आहे.

प्रथम ग्रीकांच्या या विचित्र जीवांची थोडी ओळख करून घेऊं. ते बहुतेक जोडकामाचे आहेत. कमरेपर्यंत मनुष्य व खालीं घोडा, तो सेंटॉर. स्त्रीचें मुख व सिंहाचें शरीर, ती स्फिंक्स. बैलाचें डोकें आणि माणसाचें धड, तो मिनोटॉर. गरुडाची चोंच व सिंहाचें अंग, तो ग्रिफिन. केसांच्या जागीं साप वळवळत आहेत आणि जिच्याशीं दृष्टादृष्ट होतांच मनुष्याचा दगड होतो, ती मेडूसा. रूपें निरनिराळीं, परंतु कथेंत त्यांपैकीं बहुतेकांस नेमून दिलेलें काम एकच, आणि तें म्हणजे मरणें. थीसियस मिनोटॉरला मारतो, पर्स्यूस मेडूसाचें मस्तक उतरवितो, ईडिपस कोडें सोडवितो तेव्हां स्फिंक्स कड्यावरून उडी टाकून जीव देते. वीर घडावयाचा तर राक्षस हवा, आणि वीर घडला कीं राक्षसाचें प्रयोजन संपलें.

ग्रीकांना ही केवळ करमणूक वाटत नव्हती. अथेन्सचें पार्थेनॉन मंदिर इ. स. पूर्व ४४७ ते ४३२ या काळांत उभारलें गेलें. त्याच्या दक्षिण बाजूच्या शिल्पपट्टांवर लापिथ नांवाचे लोक व सेंटॉर यांची झुंज कोरलेली आहे. त्यापूर्वीं, इ. स. पूर्व ४८० मध्यें, इराणी सैन्यानें अथेन्स जाळलें होतें. म्हणून त्या अर्ध्या घोड्याच्या शत्रूंत अथेन्सच्या लोकांना इराणी दिसत असावेत, असें अनेक पंडितांचें मत आहे. परका मनुष्य भयंकर वाटूं लागला, कीं त्याला प्रथम पशूचे पाय फुटतात!

राक्षस नेहमीं सीमेपलीकडे राहतो. ग्रीकांच्या माहितीतील जगाची पूर्वेकडील सीमा कोणती? तर आपला हिंदुस्थान. इ. स. पूर्व पांचव्या शतकांतला हेरोडोटस सांगतो, कीं हिंदुस्थानच्या वाळवंटांत कोल्ह्याहून मोठ्या आणि कुत्र्याहून लहान अशा मुंग्या आहेत व त्या जमिनींतून सोनें उकरून काढतात. इराणच्या दरबारीं असलेला क्टेसियस नांवाचा ग्रीक वैद्य मार्तिखोर नांवाच्या भारतीय पशूचें वर्णन करतो: तांबडें अंग, माणसाचें मुख, दांतांच्या तीन रांगा आणि शेपटीला विंचवाची नांगी. हा शब्द मूळचा इराणी असून त्याचा अर्थ नरभक्षक असा आहे. पुढें इसवी सनाच्या दुसऱ्या शतकांत पॉसानियस नांवाच्या चिकित्सक प्रवाशानें तर्क केला, कीं हा पशु म्हणजे दुसरें तिसरें कांहीं नसून वाघ असावा. भयानें लोकांना नसते अवयव दिसले. सातपुड्याच्या पायथ्याशीं राहणाऱ्या आम्हां खानदेशी लोकांना हा तर्क चटकन् पटतो. वाघ पाहून आलेल्या माणसाच्या तोंडीं तो प्रत्येक सांगण्यागणिक हातभर वाढत असतो.

चंद्रगुप्त मौर्याच्या दरबारीं सेल्यूकसचा वकील म्हणून आलेला मेगॅस्थिनीस तर पाटलिपुत्रास प्रत्यक्ष राहिलेला गृहस्थ. त्यानेंहि बिनतोंडाचीं, केवळ वासावर जगणारीं माणसें व पायापर्यंत पोंचणारे कान अंगावर घेऊन निजणारीं माणसें या देशांत असल्याचें लिहून ठेविलें. पुढें स्ट्राबो या भूगोलकारानें त्याला लबाडांत काढलें. पण मेगॅस्थिनीसनें या गोष्टी मनानें रचल्या नसाव्यात. महाभारताचें सभापर्व उघडून पहा. तेथें युधिष्ठिराला आलेल्या नजराण्यांत मुंग्यांनीं उकरलेलें पिपीलिक सोनें आहे. त्याच पर्वांत सहदेवाच्या दिग्विजयांत कर्णप्रावरण, म्हणजे कान पांघरणारे लोक आहेत, आणि एका पायाचे लोकहि आहेत. ग्रीक वकिलानें लिहिलें तें बहुधा येथेंच कोणाकडून तरी ऐकलेलें.

श्रोतेहो, येथें एक क्षण थांबावें असें मला वाटतें. सहदेवाचा हा दिग्विजय कोणत्या दिशेचा आहे? दक्षिणेचा. म्हणजे ग्रीकांच्या नकाशावर राक्षसांचा मुलूख हिंदुस्थान, आणि उत्तरेंतील कवीच्या नकाशावर तो विंध्याच्या खालीं, आपल्याच बाजूला! आपण ज्यांचे वंशज म्हणवितों, तेहि कोणाच्या तरी गोष्टींत लांब कानांचे आणि एका पायाचे होते. ही जाणीव ठेवली म्हणजे राक्षसांचा इतिहास वाचतांना माणसाचा हात आपोआप थोडा सैल होतो.

आतां नकाशा सोडून प्रत्यक्ष दगडांकडे वळूं. भुसावळाहून इटारसी-भोपाळच्या वाटेनें उत्तरेस गेलें, कीं विदिशा लागते. तेथें इ. स. पूर्व दुसऱ्या शतकाच्या अखेरीस तक्षशिलेच्या अंतलिकित राजाचा वकील हेलिओडोरस यानें एक स्तंभ उभारला. त्यावरील ब्राह्मी लेखांत तो स्वतःस भागवत म्हणवितो आणि त्या स्तंभास गरुडध्वज म्हणतो. आपले देवदत्त रामकृष्ण भांडारकर यांनीं इ. स. १९१३ ते १९१५ या काळांत या जागेचें उत्खनन केलें होतें. पहा, एका यवनानें परक्या देशांत येऊन देवाच्या पक्षिवाहनाच्या नांवानें स्तंभ उभारला. ज्याच्या घरच्या कथांत पंखांचे व चोंचीचे जीव वीरांचे शत्रु किंवा सोन्यावरचे पहारेकरी, त्यानें येथें अशाच एका जीवाला ध्वज केलें.

असे यवन सह्याद्रींतहि आले. नाशिकच्या पांडवलेण्यांतील सतराव्या क्रमांकाचें लेणें उत्तरेकडून आलेल्या धम्मदेव यवनाचा पुत्र इंद्राग्निदत्त यानें कोरविलें. जुन्नरच्या लेण्यांत यवनांचीं दानें नोंदलेलीं आहेत. लोणावळ्याजवळील कार्ल्याच्या चैत्यगृहांतील अनेक खांब धेनुकाकट येथील यवनांनीं दिलेले आहेत. त्यांचीं नांवें ऐकण्यासारखीं आहेत: सिंहध्वज, यशोवर्धन, धर्म; आणि एकाचें नांव चुलयख, म्हणजे धाकटा यक्ष. यांतील किती जण रक्तानें ग्रीक होते आणि कितींना केवळ तें नांव चिकटलें होतें, याविषयीं पंडितांत वाद आहे. पण नांवावरून इतकें दिसतें, कीं हे लोक येथें रुळले होते. एका यवनाला यक्षाचें नांव धारण करण्यांत कमीपणा वाटला नाहीं.

या कार्ल्याच्या चैत्यांत एका खांबाच्या शिरोभागीं सिंहाचें शरीर व माणसाचें मुख असलेली स्फिंक्ससारखी आकृति आहे. समोरच्या डोंगरांतील भाजें येथील विहारांत, जो त्याहून जुना आहे, खांबांच्या माथ्यावर वरचें अंग स्त्रीचें आणि खालचें चतुष्पादाचें असे जीव बसविले आहेत. ते पाहून पाश्चात्य प्रवाशांना आपल्या सेंटॉरची आठवण झाली तर नवल नाहीं.

पण मला सर्वांत विशेष वाटतें तें आमच्या खानदेशाच्या सीमेवरचें पितळखोरें. चाळीसगांवच्या दक्षिणेस, सातमाळ्याच्या डोंगररांगेंत, छत्रपति संभाजीनगर जिल्ह्याच्या कन्नड तालुक्यांत हीं लेणीं आहेत. इ. स. पूर्व दुसऱ्या शतकापासून तीं कोरलीं गेलीं. पैठणच्या एका गंधी कुळांतील मितदेवानें तेथें खांब दिला, आणि राजवैद्य मगिल याच्या घराण्याचींहि दानें आहेत. पुरातत्त्व खात्याच्या मधुसूदन नरहर देशपांडे यांनीं तेथील मलबा उपसून केलेल्या संशोधनाचा वृत्तांत इ. स. १९५९ मध्यें प्रसिद्ध झाला. त्या मलब्यांत एक बुटका, ढेरपोट्या यक्ष सांपडला. त्यानें दोन्ही हातांनीं डोक्यावर एक पसरट पात्र धरलें आहे आणि ओझें वाहतांना तो चक्क हंसतो आहे. त्याच्या हातावर लेख आहे, कीं हा कण्हदास नांवाच्या सोनारानें घडविला. हा यक्ष आतां दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयांत आहे.

तेथेंच चौथ्या क्रमांकाच्या लेण्याच्या दाराशीं पांच फण्यांचा एक मोठा नाग कोरलेला आहे. खडकाच्या आंतून पन्हळ काढून नागाच्या फण्यांतून पाणी पडावें अशी योजना कारागिरांनीं केली होती. श्रोतेहो, हायड्रा या ग्रीक नांवाचें मूळहि पाणी या शब्दांतच आहे. तिकडे अनेक तोंडांचा पाण्यांतला सर्प वीराच्या हातून मारला जातो. इकडे तो भिक्षूंच्या दाराशीं उभा राहून आलेल्या मनुष्याला पाणी देतो. एकाच कल्पनेला दोन देशांत दोन नोकऱ्या मिळाल्या!

येथें सावधगिरी हवी. पितळखोऱ्याचा नाग ग्रीसहून आला असें मी म्हणत नाहीं. नागाची पूजा येथलीच, व फार जुनी. पंखांचे सिंह आणि नरमुखी पशु तर ग्रीकांच्याहि आधीं पश्चिम आशियांतील राजवाड्यांच्या दारांवर होते. तेथून ते एका वाटेनें ग्रीसला गेले आणि दुसऱ्या वाटेनें, इराणमधून, मौर्यांच्या हिंदुस्थानांत आले. आपल्या शिल्पकारांनीं त्यांना ईहामृग हें गोड नांव दिलें आणि त्यांत आपले किन्नर व अश्वमुखी मिसळले. म्हणून कार्ल्याची आकृति पाहून लगेच “ही ग्रीकांची” असें म्हणणें जितकें उतावीळपणाचें, तितकेंच “आमचें सर्व आमचेंच” असें म्हणणेंहि उतावीळपणाचें होय. प्रश्न जीव कोठून आला हा नाहीं. आल्यावर त्याला काय काम दिलें, हा आहे. आणि सह्याद्रींत त्याला काम मिळालें तें खांबाचा माथा तोलण्याचें, दार राखण्याचें, पात्र उचलण्याचें. त्याला मारावयास तेथें कोणी वीर उभा नाहीं.

अस्सल ग्रीक कथाहि महाराष्ट्रांत येऊन पोंचली होती. कोल्हापूरच्या ब्रह्मपुरी टेकडीवर इ. स. १९४४-४५ च्या सुमारास प्राध्यापक कुंदनगार यांच्या खोदकामांत ब्राँझच्या वस्तूंचा एक साठा मिळाला. त्यांत समुद्रदेव पोसायडन याची सुबक मूर्ति आहे, आणि एका वर्तुळाकार तबकडीवर पर्स्यूस व आंद्रोमेदा हीं कोरलेलीं असल्याचें पंडितांनीं ओळखलें आहे. समुद्रांतील राक्षसास बळी देण्यासाठीं खडकास बांधलेली ती राजकन्या आणि मेडूसास मारून परतणारा तिचा सोडवणारा! पंचगंगेच्या कांठीं ती वस्तु हातांत घेणाऱ्या एखाद्या सावकारास ही कथा ठाऊक होती कीं नाहीं, कोण सांगणार? व्यापाराच्या गांठोड्यांत माल येतो. त्यावरची गोष्ट नेहमींच बरोबर उतरते असें नाहीं.

आमच्याकडे राक्षसांना कधीं मारलेंच नाहीं, असा मात्र कोणी समज करून घेऊं नये. अजिंठ्याच्या सतराव्या लेण्यांत सिंहल नांवाच्या व्यापाऱ्याची कथा भिंतभर चितारली आहे. जहाज फुटून व्यापारी एका बेटाला लागतात, तेथील सुंदर स्त्रिया त्यांना घरांत घेतात, आणि त्या वास्तविक राक्षसिणी असतात. आकाशगामी शुभ्र घोडा सिंहलाला वांचवितो. मोहानें मागें राहिलेले खाल्ले जातात. शेवटीं सिंहल सैन्य घेऊन त्या बेटावर चालून जातो. होमरच्या काव्यांतील सायरन, ज्यांचें गाणें ऐकूं नये म्हणून खलाशी कानांत मेण घालतात, त्यांची ही धाकटी बहीण शोभेल. एजियन समुद्र काय, सिंहलद्वीप काय, घर सोडून गेलेल्या व्यापाऱ्याचें भय सारखेंच.

ग्रीकांवरहि अन्याय होतां कामा नये. मेडूसाचें मस्तक तोडलें खरें, पण पुढें तेंच मस्तक अथीना देवीच्या छातीवर रक्षक म्हणून बसलें आणि देवळांच्या छपरांवर दृष्ट टाळण्यासाठीं लावलें जाऊं लागलें. आपल्या यादवकालीन देवळांच्या उंबरठ्यावर डोळे वटारून बसलेलें कीर्तिमुख तरी दुसरें काय करतें? आणि इस्किलस या नाटककारानें इ. स. पूर्व ४५८ मध्यें अथेन्सच्या रंगभूमीवर सूडाच्या भयंकर देवता आणल्या, तेव्हां शेवटीं अथीना त्यांना हांकून देत नाहीं. नगरांतच त्यांना मानाची जागा देते व त्या कल्याणकारिणी होतात. म्हणजे ज्याला मारतां येत नाहीं त्याला जागा द्यावी, हें शहाणपण ग्रीकांनाहि सुचलें होतें.

मात्र आपल्याकडे तें शहाणपण नाटकापुरतें राहिलें नाहीं. तें रोजच्या व्यवहारांत उतरलें. कृष्ण कालियाला मारीत नाहीं, यमुनेंतून दुसरीकडे धाडतो. मेगॅस्थिनीसनें मथुरेच्या शूरसेनांचा देव म्हणून ज्या हर्क्युलिसचा उल्लेख केला, तो कृष्णच असावा असें बहुतेक पंडित मानतात. मग पहा, एका हर्क्युलिसनें सर्प मारला आणि दुसऱ्यानें त्याला नवें घर दाखविलें! आपल्या खंडोबाची कथा तर घरोघरीं ठाऊक आहे. मणि व मल्ल या दैत्यांशीं त्याचें युद्ध झालें. मणि शरण आला, त्यानें आपला घोडा देवाला दिला आणि देवाजवळच राहण्याचा वर मागितला. मल्लानें मागितलें, कीं माझें नांव तुझ्या नांवाआधीं लागावें. म्हणून आपण मल्हारी म्हणतों. भंडारा उधळून जयजयकार करतांना आपण हरलेल्याचें नांव आधीं घेतों, हें आपल्या ध्यानांतहि येत नाहीं.

आतां त्या मुलाच्या प्रश्नाकडे येतों. हायड्रा मेल्यावर त्याचें काय झालें? मीं वर्गांत सांगितलेली गोष्ट अपुरी होती. जुन्या ग्रीक कथासंग्रहांत पुढें असें आहे, कीं हायड्राचें एक मस्तक अमर होतें. तें कशानेंहि मरेना. तेव्हां हर्क्युलिसनें तें छाटून रस्त्याच्या कडेला पुरलें आणि त्यावर एक भला मोठा दगड ठेविला. एवढेंच. पण रस्त्याच्या कडेचा दगड आणि त्याखालीं न मरणारें असें कांहीं तरी, हें ऐकून आमच्या मुलखांतला कोणताहि शेतकरी पुढें काय झालें असतें तें सांगेल. त्या दगडाला शेंदूर लागला असता, समोर नारळ फुटला असता आणि नागपंचमीच्या दिवशीं जवळच्या शेतांत कोणी नांगर धरला नसता.

आणखी एक गोष्ट. ग्रीकांनीं या हायड्राला आकाशांतहि जागा दिली. तो तारकासमूह आपण वासुकि म्हणून ओळखतों, आणि त्याच्या मस्तकाचे तारे म्हणजे आपलें आश्लेषा नक्षत्र, ज्याची देवता सर्पच होय. श्रावणांत ज्या नक्षत्राच्या पावसाची खानदेशचा शेतकरी वाट पाहतो, तें नक्षत्र त्या मारलेल्या सर्पाच्याच डोक्यांत आहे. त्या दुपारीं वर्गाबाहेर जो पाऊस पडत होता, तो बहुधा आश्लेषांचाच असावा.

तो मुलगा आतां प्रौढ झाला असेल. तो कोठें ऐकत असेल तर त्यास माझें सांगणें इतकेंच: बाळ, तुझा प्रश्न बरोबर होता. त्यांनीं देऊळ बांधलें नाहीं, दगड मात्र ठेविला. देऊळ बांधण्याचें काम त्यांच्यापैकीं जे इकडे आले, त्यांनीं कार्ल्याच्या खांबांना हातभार लावून केलें. त्या दिवशीं तुला खालीं बसविलें, तें चुकलें.